ती कावीळ नव्हती

आजारातून उठलेल्या माणसाला लोक विचारतात, काय झालं होतं गं? मी सांगते, मलेरिया. की समोरची बाई म्हणते, "हात्तिच्या, मलेरियाच ना!" त्या 'हात्तिच्या'चा मला असा संताप येतो म्हणून सांगू! वाटतं, हिला हाताला धरून वॉर्डात न्यावं आणि त्या खाटेवर झोपवावं. म्हणून लिहायला बसले. मला लिहायची सवय नाही, शाळेत निबंधात जेमतेम पास व्हायचे. पण ज्या बायका पोटुशी आहेत त्यांनी तरी हे वाचावं.

मी सुलभा. अंधेरी पूर्वेला चाळीत राहते. घरात तिघंच, मी, नवरा वसंत आणि सासूबाई. सासरे गिरणीत होते. संपात गिरणी गेली आणि मग त्यांनीही फार काळ काढला नाही. वसंत मरोळच्या एका कारखान्यात फिटर आहे. आम्ही एकाच चाळीत वाढलो, म्हणून मी त्याला नावाने हाक मारते. सासूबाईंना ते कधीच आवडलं नाही, पण मला जिभेला वळण लावता आलं नाही.

मी एका सरकारी हॉस्पिटलात कामाला आहे, रेकॉर्ड विभागात. पेशंट घरी गेला किंवा वर गेला की त्याचे केसपेपर आमच्या टेबलावर येतात. डॉक्टरांनी आजाराचं नाव लिहिलेलं असतं, आम्ही एका जाडजूड इंग्रजी पुस्तकात बघून त्यावर नंबर टाकायचा. प्रत्येक आजाराला नंबर. मलेरिया म्हणजे शून्य आठ चार. ते इतके यायचे की पुस्तक उघडावंच लागायचं नाही. डबा खाताना माझ्या शेजारच्या कदमबाई म्हणायच्या, "आज आठ-चारचा ढीग पडलाय गं." आणि मी पोळी मोडत म्हणायचे, "करू की, कुठे पळतोय." मलेरियाची आणि माझी ओळख एवढीच होती.

डोळे

लग्नानंतर फार वर्षांनी मला दिवस राहिले होते. चाळीतल्या बायकांनी विचारणं सोडून दिलं होतं, तेव्हा. सातवा महिना लागला होता आणि आतलं बाळ लाथा मारून जीव नकोसा करायचं. मी तक्रार करायचे आणि मनातून खूश असायचे.

गणपती उठले आणि मला ताप आला. थंडी अशी की वसंतने दोन गोधड्या घातल्या आणि वरून मला धरून बसला. मग घाम. मग पुन्हा बरी, स्वयंपाक करण्याइतकी. नाक्यावरच्या डॉक्टरांनी सुई दिली आणि म्हणाले, अशा अवस्थेत जास्त औषधं नकोत, आराम करा. ताप उतरायचा, पुन्हा चढायचा. मग एका सकाळी सासूबाईंनी माझी हनुवटी धरून तोंड खिडकीकडे वळवलं.

"सुलू, डोळे बग गो तुजे. हळदीसारखे झालेत."

आरशात बघितलं. खरंच पिवळे.

"कावीळ ती," आई म्हणाल्या. सासूबाईंना मी आईच म्हणते. "डॉक्टराकडे काविळीक औषद नसता. मनोरीक जावया."

आता तुम्ही म्हणाल, हॉस्पिटलात काम करणारी बाई आणि हे काय? अहो, आमच्याकडे सगळे हेच करतात. डॉक्टर स्वतःच सांगतात ना, काविळीला औषध नाही, ग्लुकोज प्या, उसाचा रस प्या, पडून राहा. मग माणूस मनोरीच्या म्हाताऱ्याकडे कावीळ उतरवून घ्यायला जातो. मला बघायला आलेल्या कदमबाईसुद्धा म्हणाल्या, "माझ्या दिराची तिथेच उतरली. बिनधास्त जा." दिवसभर आजारांचे नंबर लिहिणाऱ्या आम्ही दोघी, आणि त्या क्षणी दोघींपैकी एकीलाही 'आठ-चार' सुचला नाही.

वसंत एवढंच म्हणाला, "आधी रक्त तपासून घेऊ."

"तुज्या बापाशीची कावीळ खंय उतारली? थंयच मां?" आईंनी विचारलं.

मनोरी

मालाडहून बस आणि मार्वेहून होडी. धक्क्यावर सुकत घातलेल्या मासळीच्या वासाने मला इतकं मळमळलं की होडीत बसल्या बसल्या मी काठावरून ओकले. आईंनी खाडीच्या पाण्याने माझं तोंड पुसलं.

म्हातारा नारळाच्या झाडांखालच्या एका घरात राहायचा. पडवीत रांगेने पिवळ्या डोळ्यांची माणसं बसली होती. तो लबाड असता तर मला किती सोपं गेलं असतं! पण माणूस गरीब, मऊ बोलणारा. एका नारळापलीकडे काही घेत नव्हता. माझं पोट बघून म्हणाला, "बाय, तुला प्यायला काय देत नाय. नुसता हात धुऊ."

पितळी परातीवर माझे हात धरले, कसलीतरी साल चोळली आणि वरून चुन्याचं पाणी ओतलं. परातीतलं पाणी पिवळं धमक झालं. "बघ, उतरते," तो म्हणाला. हे पाणी कुणाच्याही हातांनी पिवळं होतं, हे मला फार नंतर कळलं. तेव्हा खोटं कशाला बोलू, मला हलकं वाटलं. काहीतरी बाहेर पडलं असं वाटलं. मग त्याने डोक्यावर मुळ्यांच्या तुकड्यांची एक बारीक माळ ठेवली. रोज ती वाढत जाणार, आणि गळ्यात उतरली की कावीळ संपली. तेल-तूप बंद. पुढच्या रविवारी परत ये.

येताना होडीत मला हुडहुडी भरली. दात असे वाजत होते की समोरच्या कोळणीने तिची गोणपाटाची घडी माझ्या अंगावर टाकली. आईंनी मला कुशीत घेतलं. "उतारताना असांच होता गो," त्या पुन्हा पुन्हा म्हणत होत्या. त्यांना तसंच वाटत होतं.

माळ खरंच वाढली. मुळ्या सुकल्या की दोरा सैल पडतो, वाढेल नाहीतर काय! ती कानापर्यंत आली तोवर मी खुळ्यासारखी करायला लागले होते. चहात मीठ घातलं. वसंतला माझ्या भावाच्या नावाने हाक मारली. मला शेवटचं आठवतं ते हे, की मी मोरीत उभी आहे आणि नळ कुठल्या बाजूला फिरवायचा ते मला कळत नाहीये. हसू येत होतं त्याचं. त्यापुढचं काहीच आठवत नाही.

सही

हे मला वसंतने सांगितलं, तेही बऱ्याच महिन्यांनी, माझ्याकडे न बघता.

मला झटके आले. रिक्षात घालून त्याने मला माझ्याच हॉस्पिटलात आणलं. तिथल्या तरुण डॉक्टरीणबाईंनी बोटाला टोचून रक्त काचेवर घेतलं आणि काच घेऊन स्वतः पळत गेल्या. परत आल्या त्या सांगतच आल्या, ही कावीळ नाही, डोळे मलेरियानेच पिवळे झालेत, आणि तो मेंदूत गेलाय. सिस्टरने माझ्या डोक्यावरची माळ कात्रीने कापली. आई ओरडल्या, "तोडू नकात!" तोपर्यंत माळ कचऱ्यात पडली होती.

मग औषधाचं निघालं. क्विनाईन. आमच्या कोकणातल्या बायकांना क्विनाईन चांगलं ठाऊक आहे आणि ते कशासाठी ठाऊक आहे, हे मी इथे लिहायला नको. आई आडव्या आल्या. "नको रे वसंता. तेना पोर पडता."

"आजी," डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "ताप असाच राहिला तरी बाळ जाऊ शकतं. आणि औषध दिलं नाही तर ही पण जाईल. इथे, आपल्यासमोर."

वसंत म्हणतो, त्याला कागदावरचं काही दिसत नव्हतं, सिस्टरने बोट ठेवलं तिथे त्याने सही केली. मागून आई म्हणाल्या, "माज्या नातवाक मारतस तू."

वॉर्ड

जाग आली तेव्हा कानात गिरणीचा भोंगा वाजत होता. तो थांबतच नव्हता. क्विनाईनने तसं होतं म्हणे. माणसं ओठ हलवायची आणि आवाज कुठूनतरी लांबून यायचा. मी पहिला हात पोटावर नेला. उशाशी केरळची एक सिस्टर होती, तिने माझा हात धरून तिथेच दाबला आणि कानाशी येऊन ओरडली, "है! बच्चा है!"

तिने पोटावर लाकडी कर्णा लावला, कान टेकला आणि बोटाने माझ्या मनगटावर ठोके दिले. टक टक टक टक. मला ऐकू येत नव्हतं म्हणून तिने मला ते ठोके हातावर दिले. त्या बाईचं माझ्यावर फार ऋण आहे.

मग ते दिवस सुरू झाले. सकाळी ताप बघायचा, बोट टोचायचं, बाटली बदलायची. क्विनाईनने अंगातली साखर एकदम उतरायची. मी घामाने भिजायचे, हात थरथरायचे, जीभ जड व्हायची, आणि मला वाटायचं की झालं, गेले. सिस्टर शिरेतून ग्लुकोज सोडायची आणि दहापर्यंत उजळणी म्हणायला लावायची. दुसऱ्याचं रक्त चढवलं. आयाबाईंनी माझ्या केसांचा गुंता एक एक बट धरून सोडवला, कुणी न सांगता. एवढ्या घाणीत आणि गर्दीत कुणीतरी आपले केस विंचरतंय, याने मला ढसाढसा रडू आलं. कुणा रोग्याला भेटायला जाणार असाल तर फळं नेऊ नका, फणी न्या.

कदमबाई खाटेच्या पायाशी उभ्या राहून रडल्या. "मीच तुला जा म्हटलं गं." मग मीच त्यांना समजावत बसले. काय पण न्याय! आजारी मी आणि धीर पण मीच द्यायचा.

आई रोज पेज घेऊन यायच्या. मला भरवायच्या, पोटावरून हात फिरवायच्या. वसंत आला की उठून बाहेर जिन्यावर जाऊन बसायच्या.

मला भीती कसली होती सांगू? मरणाची नव्हती. मी डोळे मिटले आणि पुन्हा ती बेशुद्धीची काळी पोकळी आली तर आतल्या बाळाला कोण सांभाळणार, याची. मी त्याच्याशी बोलायचे. आपला आवाज आपल्यालाच नीट ऐकू येत नव्हता, त्यामुळे मोठ्याने बोलायचे आणि अख्खा वॉर्ड ऐकायचा. "थांब रे, थोडंच राहिलंय," म्हणायचे.

ताप गेला. भोंगा कमी झाला. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, काचेवर आता काही नाही, सुटलात. त्याच सकाळी माझ्या लक्षात आलं की आदल्या दिवसापासून लाथ बसलेली नाही.

सिस्टरने कर्णा लावला. सरकवला. पुन्हा लावला. मी तिच्या तोंडाकडे बघत होते. या वेळी तिने माझ्या मनगटावर बोट ठेवलं नाही. तिने दुसऱ्या सिस्टरला हाक मारली आणि मला समजलं.

मुलगी

कळा आणायचं औषध देतात. साध्या बाळंतपणासारख्याच कळा, तेवढ्याच दुखतात. हे मला कुणी सांगितलं नव्हतं. शेवटी रडणं तेवढं नाही. आयाबाईंनी विचारलं, "बघायचीय?" काही बायका नको म्हणतात. मी हो म्हटलं आणि बरं केलं.

मुलगी होती. डोक्यावर काळंभोर जावळ, नखं पूर्ण आलेली. कान वसंतसारखे, जरा बाहेर आलेले. आमच्यात जन्माआधी काही शिवत नाहीत, त्यामुळे तिला घालायला घरात एक चिंधी नव्हती. आईंनी अंगावरच्या लुगड्याचा पदर फाडला आणि तिला गुंडाळलं. मग वसंत आणि त्याच्या कारखान्यातला एक मित्र तिला घेऊन गेले. कुठे पुरलं ते त्याने सांगितलं नाही आणि मी विचारलं नाही.

त्यानंतर मला दूध आलं. त्याबद्दल मी लिहिणार होते, पण नाही लिहीत.

घर

घरी आले ती केस गेलेली, जिना चढताना दोनदा बसणारी. लोक म्हणाले, जीव वाचला ना, देव पावला. मी म्हणायचे, हो.

घरात आई आणि वसंत बोलत नव्हते. खोली एक, मोरी एक, आणि बोलणं सगळं माझ्यामार्फत. "वसंताक सांग, पाणी इला." "आईला सांग, मला जेवायला थांबू नको." दोघंही दोन हातांवर बसलेले! एकदा मी ताट आपटून म्हटलं, "मी काय टपाल आहे का रे?"

मग एका संध्याकाळी फुटलंच. वसंत ओरडला, "तिला मनोरीला कोण घेऊन गेलं?"

"आणि सही कोणी केल्यान?" आई म्हणाल्या.

सगळ्या चाळीने ऐकलं. मी मात्र कुणाला दोष देते, हे कुणी विचारलं नाही. विचारलं असतं तर सांगितलं असतं, आळीपाळीने दोघांना. समोरच्या बांधकामावरच्या, डास माजलेल्या उघड्या टाकीला. नाक्यावरच्या डॉक्टराला. भांडी घासताना एकाला, तांदूळ निवडताना दुसऱ्याला. रात्री वसंतच्या पाठीकडे बघून वाटायचं, तू नसती केलीस सही तर? आणि मग स्वतःच्याच थोबाडीत मारावीशी वाटायची, कारण सही नसती केली तर हा विचार करायला मी कुठे होते?

कामावर पुन्हा रुजू झाले. माझा केसपेपर कदमबाईंनी आधीच हातावेगळा केला होता. मी म्हटलं, सांगा, काय टाकलंत? त्यांनी सांगितलं. शून्य आठ चार. आणि खाली, पोटातच मूल गेलं त्याचा एक नंबर. मुलीचा वेगळा कागद नाही. जी जन्मून रडली नाही तिचा कागद नसतो, आईच्याच कागदावर एक आकडा. मी हे आकडे आयुष्यभर टाकत आले होते.

आमच्या कामाचा एक नियम आहे. कागदावर चार आजार लिहिलेले असले तर पहिला नंबर द्यायचा तो जिथून सगळं सुरू झालं त्याला. शेवटी काय झालं त्याला नव्हे. हा नियम मी घरी कधी बोलले नव्हते. पण एका रविवारी तांदूळ निवडता निवडता आईंनीच विचारलं, "तुज्या पुस्तकात काय लिवतत गो? माजी नात कशान गेली?"

वसंत दारात बसून दाढी करत होता. त्याचा हात थांबला.

"मलेरियाने," मी म्हटलं. "तिथून सुरू झालं. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, इतका ताप चढल्यावर बाळ तगणं कठीणच असतं. औषध नंतरचं. सही नंतरची."

"आणि मनोरी?"

"मनोरीला नंबर नाही, आई. उशिराला नंबर नसतो."

त्यांनी सुपातला एक खडा वेचून बाजूला टाकला. मग म्हणाल्या, "नंबर नाय म्हणान झाला नाय काय?"

मला तेव्हा 'नाही' म्हणून त्यांचं ओझं उतरवता आलं असतं. एका शब्दाचं काम होतं. मी उठून भात टाकला.

नळ

त्यानंतर काही महिन्यांनी शेजारच्या मंदाच्या नवऱ्याचे डोळे पिवळे झाले. सकाळी नळावर तीच चर्चा, ताप येतो, जातो, अन्न जात नाही. बायका एकमुखाने म्हणाल्या, मनोरी. मंदा आईंकडे वळली. "काकी, होडीतून उतरल्यावर कुठल्या बाजूला जायचं?"

आईंनी कळशी खाली ठेवली. "मनोरीक नको. आधी रगात तपासून घे. आज."

"अहो काकी, तुम्हीच तर सगळ्यांना पाठवता!"

"होय. माज्या सुनेक पण मीच घेवन गेललंय." आईंचा आवाज चढला. मी गॅलरीत होते, वसंत माझ्या शेजारी, खांद्यावर टॉवेल. "आठवडो फुकट घालवलंय. माजी नात माज्या हट्टान गेली. क्विनाईनान नाय. माज्या झिलाच्या, वसंताच्या सहीन नाय. माज्या हट्टान. आता जातस काय रगात तपासूक?"

नळावर कुणाचीतरी बादली भरून वाहत होती आणि ती सरकवायचंही कुणाच्या लक्षात आलं नाही.

मंदाने त्याच दिवशी नवऱ्याचं रक्त तपासून घेतलं. मलेरिया नव्हता, साधी कावीळ निघाली. चाळीतल्या एक-दोघी हसल्या. आई म्हणाल्या, "बरा झाला. हसांदेत."

हे कुणीतरी एकदा तोंडाने बोलावं, याची मी इतके महिने वाट बघत होते. बोललं की माझं मन शांत होईल, असं मी धरून चालले होते. झालं नाही. मुलगी गेली ती गेलीच, आणि मला आईंचा राग येणंही थांबलं नाही, आजही अधूनमधून येतो. पण त्या सकाळी मी गॅलरीतून वळले तर वसंत शेजारी नव्हता. घरात गेले. तो जमिनीवर बसला होता, टॉवेल तोंडात कोंबून, आणि रडत होता. तिला पुरून आला तेव्हा नव्हता रडला. मी दार ओढून घेतलं आणि त्याच्याजवळ खाली बसले. थोड्या वेळाने कळशी घेऊन आई आल्या, बाहेरच उभ्या राहिल्या, आणि त्याला हाक मारून म्हणाल्या, "वसंता, मी भितर येव काय?"